खलनायकाचें नायकपण

मंचर सोडून पश्चिमेला वळलें म्हणजे घोड नदीच्या कांठीं घोडेगांव लागतें. आंबेगांव तालुक्याचें हें मुख्य ठाणें. ज्या आंबेगांवावरून तालुक्याला नांव मिळालें तें मूळ गांव मात्र डिंभे धरणाच्या पाण्याखालीं गेलें आहे. भीमाशंकराची यात्रा याच वाटेनें पुढें सह्याद्रीच्या माथ्याकडे चढते. यात्रेकरू ज्या नांवाचा गजर करीत जातो त्या नांवाचा पूर्वार्ध, शिवपुराणांतील कथा प्रमाण मानली तर, एका राक्षसाचा आहे. कुंभकर्ण आणि कर्कटी यांचा पुत्र भीम हा सह्याद्रींत आईजवळ वाढला. बाप रामाच्या हातून मेला हें कळतांच त्यानें तप आरंभिलें, ब्रह्मदेवाकडून बळ मिळविलें आणि देवांना पळतां भुई थोडी केली. कामरूपाच्या राजाला त्यानें बंदींत टाकिलें. त्या राजानें पूजिलेल्या पार्थिव लिंगावर तलवार उगारली, तेव्हां शंकरानें प्रकट होऊन त्याला भस्म केलें. (कामरूपाच्या या उल्लेखामुळें आसामांतही या ज्योतिर्लिंगावर हक्क सांगितला जातो, तो वाद येथें नको.) कथेंत भीम हरला, पण क्षेत्राच्या नांवांत तो शंकराच्याही आधीं उभा आहे.

पुणें जिल्ह्यांतच जेजुरीला हाच प्रकार दिसतो. खंडोबानें मणि आणि मल्ल या दैत्यांना मारिलें. शरण आलेल्या मणीला देवाजवळ जागा मिळाली, असें प्रचलित कथा सांगते, आणि मल्हारी या देवाच्या नांवांत मल्ल कायमचा वसला.

नांवांत राहणें निराळें आणि खेळाच्या मध्यभागीं उभें राहणें निराळें. तो मान राक्षसाला मिळाला रंगभूमीवर. कोकणांतील दशावतारी खेळाच्या पूर्वरंगांत गणपति, ऋद्धिसिद्धि, सरस्वती ही मंडळी येऊन जातात आणि मग काळ्या वेषांत संकासुर येतो. हा वेद चोरणारा शंखासुर. विष्णूच्या हातून त्याला मरावयाचें आहे हें लहान पोरालाही ठाऊक असतें. तरीही प्रेक्षक सावरून बसतो तो त्याच्यासाठींच. देवांचें बोलणें ठरलेलें. संकासुर मात्र मालवणी बोलींत, ऐन वेळीं सुचेल तें बोलतो, गांवांतल्या ताज्या गोष्टींवर कोपरखळ्या मारतो आणि आपलें मरण जितकें लांबवितां येईल तितकें लांबवितो. सांगलीस चिंतामणराव पटवर्धनांच्या आश्रयानें विष्णुदास भावे यांनीं १८४३ सालीं ‘सीतास्वयंवर’ केलें, त्यानंतरच्या पौराणिक नाटकांतही राक्षसपार्टीचा थाट असाच असे. तिच्या आरोळ्यांवरून त्या नाटकांना ‘अललडुर्र नाटकें’ असें नांवच पडलें. देवांवरून तें पडलें नाहीं, हें लक्षांत घेण्यासारखें आहे.

ज्या श्रोत्यांच्या घरीं शाळकरी मुलें आहेत त्यांना हाच खेळ संगणकाच्या पडद्यावर पाहावयास मिळेल. जपानच्या निंटेंडो कंपनीनें १९८१ सालीं ‘डाँकी काँग’ हा खेळ काढला. एका वानरानें पळविलेल्या स्त्रीला सोडविण्यासाठीं एक सुतार लोखंडी तुळयांवरून चढत, अंगावर येणारीं पिंपें उडी मारून चुकवीत वर जातो. फळ्याफळ्यांवरून उड्या मारीत जाण्याच्या खेळांची जात यांतूनच रूढ झाली. पुढच्याच वर्षीं कंपनीनें पट उलटा मांडला. ‘डाँकी काँग ज्युनिअर’मध्यें त्याच सुतारानें, म्हणजे मारिओनें, वानराला पिंजऱ्यांत कोंडलें आहे आणि बापाला सोडविणारें वानराचें पोर नायक आहे! १९९२ सालीं मारिओचा वाडा बळकावणारा वारिओ तर १९९४ सालीं स्वतःच्याच खेळाचा नायक झाला. जगाचें रक्षण वगैरे त्याच्या गांवींही नाहीं; मारिओच्या वाड्याहून मोठा वाडा घेण्यापुरतें द्रव्य त्याला हवें आहे. संकासुराला हा गडी सहज ओळखतां आला असता.

हे खेळ खेळत वाढलेली पिढी आतां हौसेनें स्वतः खेळ रचते. जुनेच मोजके रंग, जुनेच ठोकळेदार ठिपके, त्याच फळ्या आणि त्याच उड्या ती ठेवते. कधीं कधीं नायकाच्या जागीं तेवढा जुना खलनायक उभा करते. याला विडंबन म्हणणें अन्यायाचें होईल. ज्याला मूळ खेळाची प्रत्येक फळी पाठ आहे त्यालाच तो शत्रूच्या बाजूनें मांडतां येतो. हें काम निंदकाचें नव्हे, भक्ताचें आहे.

संकासुराची आणि या हौशी मंडळींची वाट फुटते ती येथून पुढें. दशावतारी मंडळाला संकासुर उभा करण्यास कोणाचीही परवानगी लागत नाहीं. तो सर्वांचा आहे. संगणकावरील खलनायकाला मात्र मालक आहे. १९९१ सालच्या ‘मेट्रॉइड २’ या खेळाची एका चाहत्यानें अनेक वर्षें खपून नवी आवृत्ति केली आणि २०१६ सालच्या ऑगस्टमध्यें ती फुकट वांटण्यास ठेविली. थोड्याच दिवसांत निंटेंडोनें ती मागें घेण्यास लाविली. सेगा कंपनीनें उलट धोरण ठेविलें: आपल्या ‘सॉनिक’ खेळाच्या चाहत्यांनाच कामावर घेऊन २०१७ सालीं तिनें ‘सॉनिक मेनिया’ प्रसिद्ध केला, आणि त्याचें कौतुकही झालें. पण ती मालकाची मर्जी झाली, चाहत्याचा हक्क नव्हे.

जपानी कायद्याप्रमाणें संस्थेच्या नांवानें प्रसिद्ध झालेल्या कृतीवरील स्वामित्व ७० वर्षें टिकतें. वानराचा पहिला खेळ १९८१ चा, म्हणजे २०५१ सालच्या अखेरीपर्यंत तो कंपनीचाच आहे. ज्या मुलांनीं तो पहिल्या वर्षीं वयाच्या दहाव्या वर्षीं खेळला, तीं त्या वेळीं ऐंशीच्या घरांत असतील.