फातोर्ड्यात पाच अंतिम सामने, गोव्याचा त्यांत एकच: एफसी गोवा आणि बाद फेरीचा इतिहास

१/
मडगावजवळच्या फातोर्डा येथील जवाहरलाल नेहरू स्टेडियमवर इंडियन सुपर लीगचे पाच अंतिम सामने झाले: २०१५, २०२०, २०२१, २०२२ आणि २०२३. या मैदानाचा यजमान संघ एफसी गोवा. तो त्यांपैकी एकाच सामन्यात खेळला आणि हरला. २०२४-२५ पर्यंतच्या अकरा हंगामांत हा संघ आठ वेळा उपांत्य फेरीत आणि दोन वेळा अंतिम फेरीत पोहोचला. करंडक मात्र एकदाही मिळाला नाही. हे दुर्दैव, संघाचा दोष, की विजेता ठरवण्याच्या नियमाचा परिणाम? या थ्रेडमध्ये या प्रश्नाचा मागोवा.

२/
शिवथरच्या खोऱ्यापासून अलिबागच्या किनाऱ्यापर्यंत रायगड जिल्ह्यात कबड्डी पाहत वाढलेल्या वाचकाला ‘साखळी’ आणि ‘बाद फेरी’ यांतला फरक सांगावा लागत नाही. साखळीत प्रत्येक संघ प्रत्येकाशी भिडतो. एक दिवस वाईट गेला तरी पुढे भरपाईला जागा असते. बाद फेरीत ती जागा नसते. साखळी सातत्य मोजते, बाद फेरी त्या दिवसाची ताकद मोजते. एफसी गोवाचा सारा इतिहास या दोन मापांमधल्या अंतरात घडला आहे.

३/
आधी जुने माप पाहू. आय-लीगमध्ये गुणतालिकेत जो पहिला, तोच राष्ट्रीय विजेता. या पद्धतीत २००७-०८ ते २०१२-१३ या सलग सहा हंगामांत विजेतेपद गोव्याबाहेर गेले नाही. डेम्पोने तीन वेळा (२००७-०८, २००९-१०, २०११-१२), चर्चिल ब्रदर्सने दोन वेळा (२००८-०९, २०१२-१३) आणि साळगावकरने एकदा (२०१०-११) ते जिंकले. आकाराने देशातले सर्वांत लहान राज्य फुटबॉलमध्ये मात्र सहा वर्षे अव्वल होते.

४/
ऑक्टोबर २०१४ मध्ये इंडियन सुपर लीग सुरू झाली आणि माप बदलले. आठ संघ, प्रत्येकी १४ साखळी सामने, सगळा हंगाम अडीच महिन्यांच्या आत. गुणतालिकेतील पहिले चार संघ उपांत्य फेरीत आणि तेथून अंतिम सामना. युरोपातील प्रमुख लीगमध्ये तालिकाच विजेता ठरवते. अमेरिका आणि ऑस्ट्रेलियात मात्र हंगामाअखेरीस बाद फेरी होते. भारताने हा दुसरा मार्ग निवडला. त्याचे व्यावहारिक कारण उघड आहे: चौथ्या क्रमांकासाठी झगडणाऱ्या संघाचे सामनेही शेवटपर्यंत रंगतात आणि दूरचित्रवाणीला एक निर्णायक रात्र मिळते.

५/
याच वर्षी एफसी गोवाचा जन्म झाला. मैदानावर एकमेकांचे प्रतिस्पर्धी असलेल्या डेम्पो आणि साळगावकर या क्लबांमागची उद्योजक घराणी या नव्या संघाच्या मालकीत एकत्र आली. बोधचिन्ह म्हणून गोव्याचा राज्यप्राणी गवा निवडला गेला. प्रशिक्षक म्हणून ब्राझीलचे विख्यात खेळाडू झिको आले. जुन्या गोमंतकीय क्लबांचा वारसा आणि नव्या लीगचा पैसा असे दुहेरी बळ या संघामागे होते.

६/
२०१४: गोवा २२ गुणांसह दुसरा. उपांत्य फेरीत समोर अ‍ॅटलेटिको दी कोलकाता, साखळीत गोव्याहून कमी गुण मिळवलेला संघ. कोलकात्यात ०-०. फातोर्ड्यातील परतीच्या सामन्यात जादा वेळेनंतरही ०-०. दोन्ही सामने मिळून गोव्याने एकही गोल स्वीकारला नाही, तरीही पेनल्टी शूटआउटमध्ये कोलकाता ४-२ ने पुढे गेला आणि अंतिम सामनाही त्यानेच जिंकला.

७/
२०१५: गोवा २५ गुणांसह गुणतालिकेत पहिला. याच हंगामात मुंबई सिटीवर ७-० असा विजय. त्यात डुडू आणि थाँगखोसिएम हाओकिप या दोघांचीही हॅटट्रिक. उपांत्य फेरीत दिल्ली डायनामोजकडून पहिला सामना ०-१ ने गमावूनही घरी ३-० ने उलटवला. आय-लीगच्या जुन्या मापाने तालिकेतला हा पहिला क्रमांकच विजेतेपद ठरला असता. नव्या लीगमध्ये त्या वर्षी पहिल्या क्रमांकासाठी वेगळे पारितोषिकसुद्धा नव्हते.

८/
२० डिसेंबर २०१५, अंतिम सामना, फातोर्डा. प्रतिस्पर्धी चेन्नईयिन. ५४व्या मिनिटाला पेलिसारीने चेन्नईला आघाडी दिली; चार मिनिटांत हाओकिपने बरोबरी साधली. ८७व्या मिनिटाला जोफ्रेने फ्री-किकवर गोल केला आणि गोवा २-१ ने पुढे गेला. करंडक काही मिनिटांवर होता. ९०व्या मिनिटाला गोलरक्षक लक्ष्मीकांत कट्टीमनी यांच्या नावे स्वयंगोल नोंदला गेला आणि भरपाई वेळेत मेंडोझाने तिसरा गोल केला. चेन्नई ३, गोवा २.

९/
२०१६ मध्ये संघ तालिकेत तळाला, आठव्या स्थानी गेला. झिको यांचे पर्व संपले. मात्र त्या वर्षाची अधिक दूरगामी घटना मैदानाबाहेर घडली. भारतीय फुटबॉलच्या नव्या रचनेत आपल्याला स्थान उरत नाही, या भावनेतून डेम्पो, साळगावकर आणि स्पोर्टिंग क्लब दी गोवा यांनी आय-लीगमधून माघार घेतली. सहा वर्षे देशावर राज्य करणारी क्लबांची फळी विस्कळीत झाली. गोव्याच्या आशांचे मोठे ओझे आता एफसी गोवाच्या खांद्यावर आले.

१०/
२०१७ मध्ये स्पॅनिश प्रशिक्षक सर्जिओ लोबेरा आले आणि संघाचा खेळ पालटला. चेंडूवर ताबा, आखूड पास, अखंड आक्रमण. २०१७-१८ च्या साखळीत गोव्याने सर्वाधिक ४२ गोल केले. त्यांतले १८ एकट्या फेरान कोरोमिनास म्हणजे ‘कोरो’चे. उपांत्य फेरीत पुन्हा चेन्नईयिन: फातोर्ड्यात १-१, चेन्नईत ०-३. त्याच हंगामात महाराष्ट्राचा एफसी पुणे सिटी प्रथमच उपांत्य फेरीत पोहोचला होता. त्याला बेंगळुरूने थोपवले. पुण्याला दुसरी संधी मिळालीच नाही, कारण २०१९ मध्ये तो क्लबच बंद झाला.

११/
२०१८-१९: गोवा आणि बेंगळुरू दोघांचे ३४ गुण. गोलफरक गोव्याचा सरस. पण परस्पर सामन्यांचा निकष आधी लागू होत असल्याने बेंगळुरू पहिला. उपांत्य फेरीत गोव्याने मुंबई सिटीला मुंबईतच ५-१ ने हरवले. १७ मार्च २०१९ रोजी मुंबईत अंतिम सामना. नियमित वेळेत ०-०. जादा वेळेत गोव्याचा अहमद जाहू मैदानाबाहेर पाठवला गेला आणि ११७व्या मिनिटाला कॉर्नरवर मुंबईकर राहुल भेके याच्या हेडरने बेंगळुरूला १-० असा विजय मिळवून दिला.

१२/
येथे ‘गोव्याला बाद फेरीचे दडपण सोसत नाही’ असा निष्कर्ष काढण्याचा मोह होतो. पुरावा त्याला साथ देत नाही. या पराभवानंतर महिनाही झाला नसताना, १३ एप्रिल २०१९ रोजी भुवनेश्वरमध्ये गोव्याने सुपर कप जिंकला, तोही चेन्नईयिनला २-१ ने हरवून. सुपर कप ही त्या वर्षी बाद पद्धतीचीच स्पर्धा होती. ऑक्टोबर २०२१ मध्ये कोलकात्यात मोहम्मेडन स्पोर्टिंगविरुद्ध जादा वेळेत एदू बेदियाच्या गोलवर ड्युरँड कपही गोव्याने मिळवला.

१३/
२०१९-२०: संघाच्या इतिहासातील सर्वोत्तम साखळी हंगाम. १८ सामने, ४६ गोल, ३९ गुण. जानेवारीअखेर लोबेरा यांना पदमुक्त केल्यावर गोव्याचेच माजी खेळाडू क्लिफर्ड मिरांडा यांनी धुरा सांभाळली. १९ फेब्रुवारी २०२० रोजी जमशेदपूरवर ५-० असा विजय मिळवून गोव्याने पहिले स्थान निश्चित केले. याच वर्षापासून तालिकेतील पहिल्या संघासाठी ‘लीग विनर्स शील्ड’ सुरू झाली होती. तिच्यासोबत आशियातील सर्वोच्च क्लब स्पर्धेच्या, एएफसी चॅम्पियन्स लीगच्या, गटसाखळीत थेट प्रवेश होता. तो मान मिळवणारा गोवा हा पहिला भारतीय क्लब.

१४/
त्यानंतर उपांत्य फेरी. चेन्नईयिनच्या घरी १-४ असा पराभव. ७ मार्चला फातोर्ड्यात गोव्याने पहिल्या एकवीस मिनिटांतच दोन गोल केले. सामना ४-२ ने जिंकला. एकूण गोलसंख्या ५-६. एका गोलाने अंतिम फेरी हुकली. आठवडाभरानंतरचा अंतिम सामना ठरला होता फातोर्ड्यातच. करोनामुळे तो रिकाम्या स्टेडियममध्ये झाला. यजमान शहराचा संघही नाही आणि प्रेक्षकही नाहीत, अशा मैदानावर एटीकेने चेन्नईयिनला ३-१ ने हरवले.

१५/
२०२०-२१ चा संपूर्ण हंगाम साथीमुळे गोव्यातच, बंद दाराआड खेळला गेला. उपांत्य फेरीत गोव्यासमोर मुंबई सिटी उभी होती. तिचे प्रशिक्षक होते लोबेरा. संघात अहमद जाहू, ह्यूगो बुमू, मुर्तदा फॉल आणि मंदार राव देसाई हे गोव्याचे माजी खेळाडू. आदल्या वर्षीच्या गोव्याचा कणाच जणू समोर उभा होता. पहिला सामना २-२, परतीचा ०-०, शूटआउटमध्ये मुंबई ६-५. पुढे मुंबईने शील्ड आणि करंडक दोन्ही पटकावले.

१६/
एप्रिल २०२१ मध्ये शील्डचे फळ मिळाले. चॅम्पियन्स लीगचा गट फातोर्ड्यातच खेळला गेला. कतारच्या अल रय्यानशी दोन्ही सामने आणि संयुक्त अरब अमिरातीच्या अल वहदाशी एक सामना गोव्याने बरोबरीत सोडवला. इराणच्या पर्सेपोलिसविरुद्ध एदू बेदियाने गोल करून गोव्याला काही काळ आघाडीही मिळवून दिली. ही संधी करंडक न जिंकलेल्या संघाला मिळाली होती. आशियाच्या दारात भारताचे प्रतिनिधित्व कोणी करायचे, हे गुणतालिकेने ठरवले होते.

१७/
दोन फिके हंगाम गेल्यावर मानोलो मार्केझ यांच्या मार्गदर्शनाखाली संघ २०२३-२४ मध्ये ४५ गुणांसह तिसरा आला. आता सहा संघांची बाद फेरी होती. पहिल्या लढतीत चेन्नईयिनवर २-१ असा विजय. २४ एप्रिल २०२४ रोजी फातोर्ड्यात मुंबई सिटीविरुद्धच्या उपांत्य सामन्यात ८९ मिनिटांपर्यंत गोवा २-० ने पुढे होता. ९०व्या मिनिटापासून भरपाई वेळेच्या सहाव्या मिनिटापर्यंत मुंबईने तीन गोल केले: छांगते, विक्रम प्रताप, पुन्हा छांगते. २-३. परतीचा सामनाही ०-२.

१८/
२०२४-२५ मध्ये ४८ गुण आणि दुसरे स्थान. उपांत्य फेरीत बेंगळुरूत ०-२ असा पराभव. ६ एप्रिल २०२५ रोजी फातोर्ड्यात बोर्हा एर्रेरा आणि आर्मांदो सादिकू यांच्या गोलांनी एकूण बरोबरी साधली. दुसरा गोल ८८व्या मिनिटाला. सामना जादा वेळेकडे झुकलेला असताना भरपाई वेळेत चाळिशीतल्या सुनील छेत्रीने हेडर मारला. एकूण २-३. महिनाभरात, ३ मे रोजी, याच संघाने जमशेदपूरला ३-० ने नमवून सुपर कप उचलला.

१९/
आता संपूर्ण लीगचा पट पाहू. २०१९-२० ते २०२४-२५ या सहा हंगामांत शील्ड आणि करंडक एकाच संघाने जिंकल्याची उदाहरणे दोनच: मुंबई सिटी (२०२०-२१) आणि मोहन बागान (२०२४-२५). उरलेल्या चार हंगामांत साखळीतला पहिला संघ अंतिम विजेता ठरला नाही. २०२१-२२ मध्ये जमशेदपूरचे, २०२२-२३ मध्ये मुंबईचे, २०२३-२४ मध्ये मोहन बागानचे तेच झाले जे २०२० मध्ये गोव्याचे झाले होते. गोव्याची कथा अपवाद नाही. या रचनेत तिची पुनरावृत्ती होत राहते.

२०/
तरीही सारे खापर नियमावर फोडणे इतिहासाला धरून होणार नाही. नियम सर्वांना आधीच ठाऊक होता. चेन्नईतले चार गोल किंवा मुंबईचे अखेरच्या मिनिटांतले तीन गोल ही बचावातली उणीव होती. सतत आक्रमण करणारा संघ अठरा सामन्यांच्या बेरजेत फायद्यात राहतो. दोन सामन्यांच्या हिशेबात मात्र त्याच धाडसाची किंमत मोजावी लागू शकते. शिवाय ‘जुना नियम असता तर’ हा युक्तिवाद जपून वापरावा लागतो. केवळ तालिकेवर विजेता ठरणार असता, तर इतर संघही वेगळ्या पद्धतीने खेळले असते.

२१/
मग या इतिहासातून हाती काय लागते? विजेत्यांची यादी हे इतिहासाचे साधन आहे, पण अपुरे. त्या यादीत २०१५ आणि २०२० समोर एफसी गोवाचे नाव नाही. गुणतालिका शेजारी ठेवली की दोन्ही वर्षांचे चित्र बदलते. यादीत कोणाचे नाव येते, हे पराक्रमाइतकेच मोजण्याच्या पद्धतीवरही अवलंबून असते, आणि ती पद्धत माणसांनी, विशिष्ट काळी, विशिष्ट हेतूने ठरवलेली असते. राजवटींच्या आणि लढायांच्या नोंदी वाचतानाही हा प्रश्न विचारावा: येथे यश कशाने मोजले आहे, आणि ते माप कोणी ठरवले?

२२/
आठ उपांत्य फेऱ्यांपैकी सहांमध्ये हार, त्यांतल्या दोन पेनल्टींवर. दोन अंतिम सामने, दोन्ही अखेरच्या मिनिटांत निसटलेले. तरीही फातोर्ड्याची गॅलरी पुन्हा नारिंगी झाली. तुमच्या मते देशाचा खरा विजेता कोण: वर्षभर सर्वांत पुढे राहणारा, की शेवटच्या रात्री जिंकणारा? उत्तर लिहा आणि कारणही द्या.
(थ्रेड समाप्त)