थंडी पडायच्या आधीच

सायन्स फिक्शनमध्ये एक वस्तू हमखास असते : काळातून फिरायचा नकाशा. बोट ठेवायचं आणि त्या दिवशी जाऊन पोचायचं. एच. जी. वेल्सचं 'टाइम मशीन' १८९५ मध्ये आलं. ते यंत्र काही कुणाला मिळालं नाही, पण तसा नकाशा मात्र त्याच्या २६ वर्षं आधीच पॅरिसमध्ये छापून झाला होता!

काढणारा होता शार्ल मिनार. रस्ते, पूल, कालवे बांधणाऱ्या सरकारी खात्यातला निवृत्त इंजिनियर, वय वर्षं ८८. नोव्हेंबर १८६९ मध्ये त्याने नेपोलियनच्या १८१२ च्या रशिया मोहिमेचा नकाशा प्रसिद्ध केला.

डावीकडे नेमान नदी, उजवीकडे मॉस्को. मधून जातो एक फिकट तांबूस पट्टा. त्याची रुंदी म्हणजे सैन्य. एक मिलिमीटर म्हणजे दहा हजार माणसं. मॉस्कोला पट्टा वळतो, काळा होतो आणि डावीकडे परत येतो. म्हणजे जाताना काळ डावीकडून उजवीकडे, येताना उलटा. खाली परतीच्या वाटेला जोडलेला तापमानाचा आलेख, तोही उजवीकडूनच वाचायचा. जागेच्या दोन मिती, सैन्याची संख्या, दिशा, तारीख आणि तापमान. सहा गोष्टी एका सपाट कागदावर! इथे आम्ही चार कॉलमचा ग्राफ काढताना रडकुंडीला येतो.

आता बोट ठेवा आणि चालायला लागा. जून १८१२, नेमान ओलांडताना : ४,२२,०००. मॉस्कोत : १,००,०००. परत नेमानपाशी : १०,०००.

मी हा नकाशा पहिल्यांदा बघितला तेव्हा नजर आपोआप काळ्या पट्ट्यावर गेली. नेपोलियनला रशियाच्या थंडीने हरवलं, हे शाळेपासून डोक्यात बसलेलं ना! थंडी आहेच. ६ डिसेंबरला रोमर मापाने उणे ३०, म्हणजे सेल्सियसमध्ये उणे साडेसदतीस. बेरेझिना नदीच्या अलीकडे ५०,००० माणसं, पलीकडे २८,०००. हे दोन आकडे वाचले की थोडा वेळ पुढे सरकवत नाही.

पण मग तांबूस पट्टा नीट बघितला. स्मोलेन्स्कपाशी तो १,४५,००० वर आलेला आहे. आणि तेव्हा ऑगस्ट चालू होता! सगळे काही मेले नव्हते. काही तुकड्या वाटेत मागे ठेवल्या, काही बाजूला वळवल्या. मिनारने ते फाटेही दाखवलेत. पण बाकीच्यांना भूक, टायफस, उन्हातली पायपीट आणि लढाया यांनी खाल्लं. कित्येक जण पळून गेले. तापमानाचा आलेख सुरू होतो १८ ऑक्टोबरला, शून्य अंशावर. तोवर पट्टा चौथाईहूनही बारीक झालेला होता.

म्हणजे थंडीने मारलं ते उरलेल्यांना.

आपल्याकडे पानिपत म्हटलं की एकच तारीख आठवते, १४ जानेवारी १७६१. पण त्याआधी दोन महिन्यांहून जास्त काळ मराठे तिथे अडकून पडले होते. रसद तुटलेली, माणसं आणि जनावरं उपाशी. मिनारच्या पद्धतीने तो पट्टा काढला, तर मला वाटतं तो संक्रांतीच्या बराच आधी आक्रसताना दिसेल.

आणि प्रोजेक्टचं तरी वेगळं काय असतं? डेडलाइन हुकली की आपण शेवटच्या आठवड्याची चिरफाड करतो. कोण झोपलं, कुणाचा कोड फुटला वगैरे वगैरे. सगळं हिरवंगार दिसत असताना, जूनमध्ये, पट्टा कुठे बारीक झाला हे कोण विचारतो? मीही विचारलेलं नाही. असो.

मिनारच्या नकाशाच्या शीर्षकात नेपोलियनचं नाव नाही. आहेत ती फ्रेंच सैन्याने एकामागून एक गमावलेली माणसं. पुढच्याच वर्षी फ्रान्स आणि प्रशियाचं युद्ध पेटलं. म्हातारा पॅरिस सोडून बोर्दोला गेला आणि ऑक्टोबर १८७० मध्ये तिथेच वारला. त्या नव्या युद्धाचा पट्टा काढायला तो राहिला नाही.