चापडा : आशियातील अरण्यांचा आणि बेटांचा विषारी साप

व्हायपरिडी कुलातील क्रोटॅलिनी या उपकुलाचे विषारी साप. घोणस आणि फुरसे याच कुलातले, पण त्यांचे उपकुल वेगळे. चापड्याची हमखास खूण म्हणजे डोळा आणि नाकपुडी यांच्यामध्ये दोन्ही बाजूंना असलेली एकेक खोल खाच. अमेरिकेतले रॅटलस्नेक आणि बुशमास्टर हे याच उपकुलातले होत. या उपकुलाचा उगम मात्र आशियात झाला आणि बेरिंगच्या भूसेतूवरून त्याची एक शाखा अमेरिकेत पोहोचली, असे मानले जाते. या नोंदीत पश्चिम घाट व श्रीलंकेपासून मलाया, इंडोनेशिया, फिलिपिन्स आणि जपानच्या दक्षिण बेटांपर्यंतच्या चापड्यांचा विचार केला आहे. महाराष्ट्र आणि गोव्यात बांबू चापडा, मलबारी चापडा आणि वर वळलेल्या नाकाचा ठेंगणा हिप्नेल चापडा आढळतात. पावसाळ्यात आंबोलीच्या जंगलात ओढ्याकाठच्या फांदीवर वेटोळे घालून बसलेला मलबारी चापडा अनेकांनी पाहिलेला असतो. हिरवा, पिवळा, तपकिरी, नारिंगी अशा इतक्या रंगांत तो येतो, की रंगावरून त्याची ओळख पटवू पाहणारा हटकून चुकतो.

खाचेच्या आत एक अतिशय पातळ पडदा ताणलेला असतो. त्याची जाडी मिलिमीटरच्या सुमारे पासष्टाव्या भागाइतकी. पडद्याच्या पुढेही हवा आणि मागेही हवा, त्यामुळे तो क्षणात तापतो. त्यातल्या केशवाहिन्यांचे रक्त त्याला तितक्याच लवकर पुन्हा थंड करते. चेहऱ्याच्या संवेदना वाहणाऱ्या त्रिधारा मज्जातंतूची असंख्य टोके या पडद्यात पसरलेली असतात. समोरून उंदीर गेला, की त्याच्या अंगाच्या उष्णतेने पडद्याचे तापमान किंचित वाढते आणि अंशाच्या काही सहस्रांश भागाएवढा हा फरकही सापाला कळतो. ही इंद्रिये उष्णता टिपतात हे 1937 मध्ये प्रयोगाने दाखवले गेले. पुढे असे आढळले, की खाचेकडून आलेली माहिती आणि डोळ्यांकडून आलेली माहिती मेंदूच्या एकाच भागात एकमेकींवर बसते. त्यामुळे या सापाला अंधारातले सावज दिसतेही आणि उबदार आकृती म्हणून जाणवतेही. या संवेदनेमागचा रेणू 2010 मध्ये सापडला. तो डेव्हिड ज्युलियस यांच्या प्रयोगशाळेने शोधला. उष्णता आणि स्पर्श यांच्या ग्राहींवरील कामासाठी ज्युलियस यांना 2021 चे नोबेल पारितोषिक विभागून मिळाले. अजगरांच्या ओठांवरही उष्णता टिपणाऱ्या खाचा असतात, पण त्या स्वतंत्रपणे उत्क्रांत झाल्या आहेत.

चापडा सावजाच्या मागे धावत नाही. फांदीवर, बांबूच्या बेटात किंवा पालापाचोळ्यात तो दिवसेंदिवस एका जागी बसून राहतो आणि बेडूक, पाल, सरडा, उंदीर किंवा पक्षी टप्प्यात आला की झेप घेतो. वृक्षवासी जातींची शेपटी फांदीला घट्ट विळखा घालते, त्यामुळे पुढचे अर्धे शरीर मोकळे राहते. काही जातींची पिल्ले शेपटीचे फिकट किंवा रंगीत टोक अळीसारखे वळवळवतात आणि त्याला भुललेला बेडूक आपणहून जवळ येतो. विषदंत लांब, पोकळ आणि दुमडणारे असतात. तोंड मिटलेले असताना ते टाळूला चिकटून राहतात. बहुतेक हिरवे चापडे अंडी न घालता थेट पिल्लांना जन्म देतात. मलायी चापडा आणि जपानचा हाबू मात्र अंडी घालतात. मलायी चापड्याची मादी अंड्यांभोवती वेटोळे घालून पिल्ले बाहेर येईपर्यंत बसून राहते.

या सापांच्या इतिहासात सर्वांत मोठा वाटा समुद्राचा आहे. शेवटच्या हिमयुगाच्या ऐन भरात, म्हणजे सुमारे 20,000 वर्षांपूर्वी, समुद्राची पातळी आजच्यापेक्षा सुमारे 120 मीटर खाली होती. सुमात्रा, जावा आणि बोर्निओ तेव्हा मलायाच्या मुख्य भूमीला जोडलेले होते. हिमयुगांच्या चक्रात पाणी अनेकदा चढले आणि उतरले. दर वेळी जंगले तुटली आणि जुळली, आणि बेटावर अडकलेला साप हळूहळू वेगळा होत गेला. अंदमानात एक चापडा आहे, तर निकोबारमध्ये त्याहून वेगळ्या तीन जाती आहेत. फिलिपिन्सच्या उत्तर टोकाला बातान बेटावरचा चापडा पांढरा, राखाडी किंवा पिवळाही असतो. व्हिएतनामच्या होन सोन या चिमुकल्या बेटाचीही स्वतःची एक जात आहे. बोर्निओच्या किनाबालू पर्वतावरचा एक चापडा तर सबंध प्रजातीचा एकमेव सदस्य आहे. जावाच्या पूर्वेकडून तिमोरपर्यंतच्या बेटांवर राहणारी इन्सुलॅरिस ही जात बहुतेक ठिकाणी हिरवी असते, पण कोमोडो बेटावर ती निळी आढळते. आल्फ्रेड रसेल वॉलेस यांनी आशियाई आणि ऑस्ट्रेलियाई प्राणिजगतांमध्ये जी सीमारेषा आखली, ती या सापांनी सुलावेसीत आणि तिमोरच्या बाजूला ओलांडली आहे. न्यू गिनी आणि ऑस्ट्रेलियात मात्र ते पोहोचले नाहीत. तिथे व्हायपर कुलाचा एकही साप नाही.

मलायी चापड्याचे वितरण याहून विलक्षण आहे. तो थायलंड, कंबोडिया, व्हिएतनाम आणि मलायाच्या उत्तर भागात आहे, जावामध्ये आहे, पण मधल्या सुमात्रात आणि बोर्निओत नाही. त्याला कोरडी, मोसमी जंगले मानवतात. एके काळी अशा जंगलांचा पट्टा दक्षिणेकडे जावापर्यंत पोहोचला असावा आणि पुढे सदाहरित अरण्याने तो गिळला असावा, हे स्पष्टीकरण पटण्यासारखे आहे.

इतक्या तुटक वितरणामुळे वर्गीकरणाचा गुंता होणे स्वाभाविक होते. दीर्घकाळ बहुतेक सगळे हिरवे चापडे ट्रायमेरेसुरस या एकाच प्रजातीत कोंबलेले होते. अनिता मल्होत्रा आणि रॉजर थॉर्प यांनी 2004 मध्ये डीएनएच्या आधारे त्या प्रजातीचे तुकडे केले. पुढे काहींनी हे तुकडे पुन्हा उपप्रजातींच्या पातळीवर आणले. पश्चिम घाटातले चापडे आता क्रॅस्पेडोसेफॅलस या प्रजातीत ठेवतात. एकच मानला गेलेला मलबारी चापडा प्रत्यक्षात एकाहून अधिक जातींचा समूह आहे, हे 2021 च्या अभ्यासातून पुढे आले. त्याआधी 2020 मध्ये अरुणाचल प्रदेशातील पक्के व्याघ्र प्रकल्पातून सालाझार चापड्याची नोंद झाली. नराच्या डोक्याच्या बाजूला केशरी-तांबडा पट्टा असलेला हा हिरवा साप झीशान मिर्झा, हर्षल भोसले, पुष्कर फणसळकर, मंदार सावंत, गौरांग गोवंडे आणि हर्षिल पटेल यांनी विज्ञानासमोर आणला. हॅरी पॉटरच्या कथांमधल्या, सापांशी बोलणाऱ्या सालाझार स्लिदरिनचे नाव त्याला दिले आहे.

मलेशियातील पेनांग बेटावर एका बौद्ध भिक्षूच्या नावाने उभारलेले सर्पमंदिर आहे. तिथल्या फांद्यांवर वॅग्लरचा चापडा बसलेला असतो. भिक्षूने जंगलातल्या सापांना आसरा दिला होता आणि मंदिर बांधल्यावर ते आपणहून आले, अशी कथा सांगतात. धूपाच्या धुराने साप गुंगतात असेही भाविक मानतात. खरे पाहता ही जात रात्री शिकार करते आणि दिवसा हलतही नाही. नर आणि मादी यांच्यात इतका फरक, की दोन वेगळे साप वाटावेत. नर बारीक, हिरवा आणि ठिपक्यांचा असतो, तर मादी जाड, काळी आणि पिवळ्या पट्ट्यांची, कधी मीटरभर लांबीची. बहुतेक चापड्यांचे विष रक्तावर काम करते, याचे मात्र चेता-स्नायूंच्या सांध्यावर. त्यातल्या वॅग्लेरिन या छोट्या पेप्टाइडची नक्कल करून सुरकुत्या कमी करणाऱ्या सौंदर्यप्रसाधनांसाठी एक कृत्रिम द्रव्यही तयार केले गेले.

वैद्यकात सर्वांत खोल ठसा उमटवला तो मलायी चापड्याने. रबराच्या मळ्यांत जमिनीवरच्या पाचोळ्यात तो दिसत नाही, आणि पहाटे चीक काढायला अनवाणी जाणारे मजूर त्याच्यावर पाय देत. पेनांगच्या इस्पितळात काम करणारे डॉक्टर ॲलिस्टेअर रीड यांनी अशा रुग्णांवर उपचार करताना एक विचित्र गोष्ट टिपली. रुग्णाचे रक्त कित्येक दिवस गोठत नसे, तरी त्यातल्या अनेकांना मोठा रक्तस्राव होत नसे. 1963 मध्ये त्यांनी हे निरीक्षण प्रसिद्ध केले. विषातला एक एन्झाइम फायब्रिनोजेनचे कच्च्या, विस्कळीत धाग्यांत रूपांतर करतो. शरीर ते धागे धुऊन टाकते आणि गुठळी बनवायला काही उरतच नाही. या एन्झाइमपासून अँक्रॉड हे औषध तयार झाले. नसांमधल्या गुठळ्यांवर ते वापरले गेले आणि मेंदूच्या पक्षाघातावरही अजमावले गेले. 2000 मधल्या अमेरिकी चाचणीने आशा दाखवली, पण पुढच्या चाचणीने ती पुरी केली नाही आणि औषध मागे पडले. तरीही रुग्णाच्या खाटेशी उभे राहून केलेले निरीक्षण कुठवर जाऊ शकते, याचे हे उत्तम उदाहरण आहे.

जपानच्या रयुक्यू बेटांवरचा हाबू हा दोन मीटरपर्यंत वाढणारा चापडा आहे. ओकिनावा आणि अमामी बेटांवर तो आहे, मियाको बेटावर नाही. सखल प्रवाळी बेटे पूर्वी समुद्राखाली गेली आणि तिथले हाबू नाहीसे झाले, असे मानतात. या सापाचा बंदोबस्त म्हणून प्राणिशास्त्रज्ञ वातासे शोझाबुरो यांनी 1910 मध्ये गंगेच्या मुखाकडच्या प्रदेशातून आणलेली मुंगुसे ओकिनावावर सोडली. 1979 मध्ये अमामीवरही तीसेक मुंगुसे सोडली गेली. मुंगूस दिवसा फिरते, हाबू रात्री. दोघांची गाठ क्वचितच पडली. मुंगुसांनी हाबूला सोडून अमामीचा दुर्मिळ ससा आणि ओकिनावाचा न उडणारा पाणकोंबडीच्या कुळातला पक्षी यांच्यावर ताव मारला. सापळे आणि शिकवलेले कुत्रे घेऊन वर्षानुवर्षे मोहीम चालवल्यावर अमामी मुंगूसमुक्त झाल्याचे 2024 मध्ये जाहीर करण्यात आले. हाबू अजून तिथेच आहे. सापाच्या भीतीने, सापाच्या सवयी न अभ्यासता केलेल्या उपायाची किंमत एकट्या अमामीने जवळपास अर्धे शतक मोजली.

हिरव्या चापड्यांच्या दंशाने माणूस दगावणे विरळ. तीव्र वेदना, अवयवाला मोठी सूज, फोड आणि कधी रक्त न गोठणे ही नेहमीची लक्षणे. बँकॉक परिसरात त्यांचे दंश वारंवार होतात. तिथल्या थाई रेड क्रॉसच्या राणी साओवाभा संस्थेत 1923 पासून सर्पोद्यान आहे. हिरवा चापडा आणि मलायी चापडा यांच्यासाठी ही संस्था वेगवेगळी प्रतिविषे बनवते. भारतात मिळणारे प्रतिविष नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे या चौघांच्या विषांपासून बनते. चापड्यांच्या विषावर ते भरवशाचे नाही आणि हिप्नेल चापड्यावर तर निरुपयोगी आहे. हा लहानसा, तपकिरी साप श्रीलंकेत सर्वाधिक दंश करणाऱ्यांपैकी एक असून त्याच्या विषाने मूत्रपिंडे निकामी झाल्याच्या नोंदी आहेत. केरळमधल्या अशा गंभीर दंशांची खात्रीशीर नोंद 2007 मध्ये प्रसिद्ध झाली. त्यातल्या रुग्णांना चावलेला साप फुरसे समजला गेला होता. अशा चुकीने रुग्णाला लागू न पडणारे प्रतिविष मिळते, त्याच्या ॲलर्जीचा धोका मात्र पुरेपूर मिळतो. पश्चिम घाटाच्या काजू, कॉफी आणि रबराच्या बागांत राबणाऱ्यांसाठी चापड्यांचे वेगळे प्रतिविष बनायलाच हवे. जागतिक आरोग्य संघटनेने 2017 मध्ये सर्पदंशाला दुर्लक्षित आजारांच्या यादीत घेतले, त्याला आता बरीच वर्षे झाली.

तोवर चापडा चावल्यास आवळपट्टी बांधू नये, जखम कापू किंवा चोखू नये, सापाला पकडण्याच्या नादात दुसरा दंश ओढवून घेऊ नये. अंगठ्या आणि बांगड्या सूज चढण्याआधी काढाव्यात, अवयव हलू देऊ नये आणि थेट रुग्णालय गाठावे. शक्य असल्यास दुरूनच सापाचा फोटो काढून डॉक्टरांना दाखवावा. काचेच्या नळीत घेतलेले रक्त वीस मिनिटांत गोठते की नाही, ही साधी तपासणी तालुक्याच्या दवाखान्यातही होते. चापड्याच्या दंशानंतर ती काही दिवस पुन्हा पुन्हा करून घ्यावी आणि लघवीच्या प्रमाणावर लक्ष ठेवावे.