नगराची किल्ली कोणाच्या हातीं?

बुलढाणा जिल्ह्यांतील दुसरबीड येथें ग्रामपंचायत आहे. तालुक्याच्या ठिकाणीं, सिंदखेडराजास, नगरपरिषद आहे. आणि मुंबईस महानगरपालिका आहे. नांवें तीन, परंतु मुळाशीं प्रश्न एकच: लोकांचा प्रतिनिधि आणि पगारी अधिकारी ह्यांपैकीं कारभाराची किल्ली कोणाच्या हातीं असावी? ह्या प्रश्नाचा मोठा वाद मुंबईंत झाला.

इ. स. १८६५ च्या कायद्यानें मुंबईचा कारभार ‘जस्टिस ऑफ दि पीस’ ह्या सरकारनियुक्त गृहस्थांच्या मंडळाकडे आला, व अंमलबजावणी आर्थर क्रॉफर्ड ह्या म्युनिसिपल कमिशनराकडे. क्रॉफर्ड मोठा धडाडीचा पुरुष. त्यानें शहरसुधारणेचीं कामें झपाट्यानें चालविलीं. परंतु खर्चास धरबंध राहिला नाहीं. कापसाच्या सट्ट्याचा फुगा फुटून शहर आधींच खंगलें होतें. १८७१ सालीं करदाते खवळून उठले. कमिशनराची एकहाती सत्ता मोडावी, असा आग्रह सुरू झाला.

त्या वेळीं सव्वीस वर्षांच्या फिरोजशहा मेहतांनीं निराळें निदान केलें. अंमल एका जबाबदार माणसाच्या हातीं असणें हा दोष नव्हे. त्याला जाब विचारणारी सभा करदात्यांनीं निवडलेली नाहीं, हा खरा दोष होय, असें त्यांचें म्हणणें. १८७२ च्या कायद्यानें चौसष्ट सभासदांची सभा आली. पैकीं बत्तीस करदात्यांनीं निवडावयाचे होते. पुढें १८८८ चा कायदा झाला. त्याच्या घडणींत मेहता व काशिनाथ त्र्यंबक तेलंग ह्यांचा मोठा वाटा होता. त्यानें त्रिविध रचना पक्की केली: सभेनें धोरण ठरवावें व अंदाजपत्रक मंजूर करावें, स्थायी समितीनें खर्चावर नजर ठेवावी, आणि सरकारनें नेमलेल्या कमिशनरानें काम करावें. सुधारणा होत होत तोच कायदा आजही चालू आहे.

तथापि ही लोकसत्ता अपुरी होती. मत मालमत्तावाल्यांचें, घाम गाळणाऱ्या गिरणीकामगारास तें कोठून? प्रौढ मतदानानें मुंबईची पहिली निवडणूक व्हावयास १९४८ साल उजाडावें लागलें.

मिळविलेला हक्क जपला नाहीं तर काय होतें, हेंही मुंबईनेंच दाखविलें. मार्च २०२२ मध्यें सभेची मुदत संपली, आणि पुढें तीन वर्षांहून अधिक काळ निवडणूक झाली नाहीं. सभा नाहीं, स्थायी समिति नाहीं, कमिशनरच प्रशासक. रस्ते झाले असतील, परंतु जाब विचारणारें कोणी उरलें नाहीं. मेहतांनीं दाखविलेला दोष दीडशें वर्षांनीं पुनः उभा राहिला.

येथें नगरवासीयांनीं खेड्याकडे पाहावें. १९५८ च्या ग्रामपंचायत कायद्याप्रमाणें दुसरबीडचा प्रत्येक मतदार ग्रामसभेचा सभासद आहे. सरपंच निवडलेला, सचिव पगारी. पण दोघांच्या कारभाराबद्दल सभेंत उभें राहून विचारण्याचा अधिकार त्याचा स्वतःचा आहे. किल्ली कोणाच्याही कनवटीस असो. ती परत मागण्याचा हक्क ज्यानें राखला, तोच नगराचा खरा धनी.