धुराचं झाड

निपाणी भागात 'धुराचं झाड' म्हटलं तर कुणीही तंबाखूचंच नाव घेईल. मी म्हणते ते झाड वेगळं. इंग्रजीत त्याला 'स्मोक ट्री' म्हणतात. दक्षिण युरोपपासून हिमालयाच्या उतारांवरून पार चीनपर्यंत ते रानात वाढतं. त्याला थंडी लागते, म्हणून आपल्या बेळगावकडं सहसा दिसत नाही. पण मुलाकडं, लेकीकडं परदेशी जाऊन आलेल्या काही जणींनी ते तिथल्या बागेत पाहिलं असेल. ऐन उन्हाळ्यात फांद्यांवर गुलाबी, करडा धूर अडकून राहिल्यासारखा दिसतो.

झाड परकं, पण त्याचं कूळ आपल्या ओळखीचं. आंबा, काजू, चारोळी, बिब्बा ही सगळी त्याच कुळातली. बाळंतिणीच्या लाडवात काजू, चारोळी आणि बिब्ब्याची गोडंबी घालतो ना, ती सगळी याचीच भावंडं!

पूर्वीच्या लोकांनी या झाडाकडूनही कामच करून घेतलं. लाकडातून पिवळा रंग काढून लोकर आणि रेशीम रंगवायचे. तो रंग उन्हात फार टिकत नसे. पानं कातडी कमावायला वापरायचे. मग हळूहळू ते बागेत आलं, निव्वळ शोभेसाठी. विसाव्या शतकात रोपवाटिकांनी जांभळ्या पानांचे प्रकारही लोकप्रिय केले.

त्या धुराचं कोडं मात्र फार जुनं. सुमारे २३०० वर्षांपूर्वी ॲरिस्टॉटलचा शिष्य थिओफ्रॅस्टस यानं लिहून ठेवलं, की या झाडाचं फळ मऊ पिसांत विरून जातं. पुढं रोमच्या प्लिनीनंही तसंच लिहिलं. १७५३ मध्ये लिनिअसनं त्याला शास्त्रीय नाव दिलं.

आज आपल्याला खरं काय ते ठाऊक आहे. या झाडाला अगदी बारीक फुलं येतात आणि त्यांतल्या बहुतेकांना फळ धरतच नाही. पण त्या फुलांचे देठ लगेच गळून पडत नाहीत. ते लांबत जातात, त्यांवर रेशमासारखी लव फुटते. असे हजारो देठ मिळून तो धूर होतो. म्हणजे लोक जे बघायला थांबतात, ते फळ न धरलेल्या फुलांचं देणं.

आपल्या लेश्येच्या चित्रातलं जांभळीचं झाड आठवा. सहा भुकेले वाटसरू. कृष्ण लेश्येचा झाड मुळासकट तोडायला निघतो, शुक्ल लेश्येचा खाली पडलेली जांभळं वेचतो. भाव निरनिराळे, पण नजर सगळ्यांची फळावरच. झाडाकडं असं बघायची आपल्याला सवयच आहे, आणि बाईकडंही. 'वांझ' हा शब्द आपण झाडाला लावतो आणि तोच बाईला. डोहाळजेवणात ओटी भरायला पाच जणी बोलावतात, तेव्हा एखादीला न बोलताच वगळलं जातं. ती स्वयंपाकघरात पुऱ्या लाटत बसते. तिच्या हातच्या पुऱ्या सगळ्यांना चालतात.

पुढच्या डोहाळजेवणाला तिच्या हातात तबक द्या. शास्त्र आड येत नाही, आडवी येते ती आपली सवय.