पेन ड्राइव्ह ‘फॉरमॅट करा’ म्हणतो, तेव्हा आधी थांबा! फाइल सिस्टिम म्हणजे काय, कोणती कुठे चालते?

तारनाका (हैदराबाद) : तेलंगणा राज्याचं अभिलेखागार हैदराबादच्या तारनाका भागात आहे. निजाम राजवटीतले फारसी, उर्दू कागद तिथे जपून ठेवलेत. १९५६ पर्यंत मराठवाडा, बिदर, गुलबर्गा आणि आदिलाबाद एकाच हैदराबाद राज्यात होते. त्यामुळे जुनी नोंद शोधायची म्हटलं की आपल्या सीमाभागातल्या माणसाला आजही हैदराबादची वाट धरावी लागते.

आता अशा कागदांचे फोटो आणि स्कॅन पेन ड्राइव्हमधून फिरतात. गावी येऊन तो कॉम्प्युटरला लावावा, तर कधी कधी पडद्यावर सूचना येते: डिस्क वापरण्याआधी फॉरमॅट करावी लागेल. घाईत ‘हो’ दाबलं, की आणलेलं सगळं धोक्यात येतं.

इथे एक गोष्ट लक्षात ठेवा. उर्दू कागद आपल्याला वाचता आला नाही, म्हणून तो कोरा नसतो. डिस्कचंही तसंच आहे. बऱ्याचदा डिस्क रिकामी नसते, खराबही नसते. समोरच्या कॉम्प्युटरला तिची ‘लिपी’ येत नसते, एवढंच.

फाइल सिस्टिम म्हणजे डिस्कची नोंदवही

डिस्कवर जागेचे लहान लहान तुकडे असतात आणि एकच फाइल अनेक तुकड्यांत विखुरलेली असू शकते. कोणती फाइल कोणत्या तुकड्यांत आहे, तिचं नाव, आकार आणि तारीख काय, हे सगळं एका नोंदवहीत लिहिलेलं असतं. नोंदवही लिहायच्या या पद्धतीला फाइल सिस्टिम म्हणतात. फॉरमॅट करणं म्हणजे जुनी वही बाजूला सारून नवी कोरी वही मांडणं.

कोणती कुठे चालते?

• फॅट३२ (१९९६) : विंडोज, मॅक, लिनक्स, टीव्ही, जवळपास सगळीकडे चालते. अडचण एकच: एक फाइल ४ जीबीपेक्षा मोठी चालत नाही. ड्राइव्हमध्ये जागा असूनही लग्नाचा मोठा व्हिडिओ कॉपी होत नाही, तो यामुळेच.

• एक्सफॅट (२००६) : यात ४ जीबीची अट नाही. विंडोज आणि मॅक दोन्हीवर वाचता-लिहिता येते. मायक्रोसॉफ्टने २०१९ मध्ये तिचा तपशील खुला केल्यावर लिनक्सच्या गाभ्यातही तिची सोय आली. ६४ जीबी आणि त्यापुढची मेमरी कार्डं साधारण याच पद्धतीची असतात.

• एनटीएफएस (१९९३) : विंडोजची मुख्य पद्धत. मॅक ती वाचतो, पण आपणहून तिच्यावर लिहीत नाही. लिनक्सवर दोन्ही जमतं.

• ईएक्सटी४ (२००८) : लिनक्सची. सी-डॅकची ‘बॉस’ प्रणालीही लिनक्सवरच उभी आहे. असा ड्राइव्ह विंडोजला लावला, तर फॉरमॅटची सूचना येऊ शकते.

• एपीएफएस (२०१७) : ॲपलची. विंडोज ती थेट वाचत नाही.

थोडक्यात, वेगवेगळ्या कॉम्प्युटरांवर न्यायचा ड्राइव्ह असेल तर एक्सफॅट घ्या. जुना टीव्ही किंवा गाडीतला प्लेअर असेल तर फॅट३२ बरी.

फॉरमॅटची सूचना आली तर काय करायचं?

१. ‘रद्द करा’ दाबा. ड्राइव्हवर काहीही नवीन लिहू नका.

२. ज्या कॉम्प्युटरवर फाइली भरल्या, तिथेच परत लावून बघा. तो मॅक होता की लिनक्स, हेही विचारा.

३. तिथे उघडला तर आधी सगळं दुसरीकडे उतरवून घ्या, मगच फॉरमॅट करा.

४. चुकून ‘क्विक फॉरमॅट’ झालंच, तर आशा सोडू नका. त्यात साधारणपणे फक्त नोंदवही नवी होते, मजकूर बराचसा जागेवर असतो. फोटोरेकसारख्या मोफत साधनाने तो परत मिळू शकतो; मात्र सापडलेल्या फाइली त्याच ड्राइव्हवर उतरवू नका. विंडोजचं पूर्ण फॉरमॅट मात्र व्हिस्टापासून सगळ्या जागेवर शून्यं लिहितं. त्यानंतर हाती काही लागत नाही.

ड्राइव्ह ओढून काढू नका

एनटीएफएस आणि ईएक्सटी४ बदल करण्याआधी त्याची वेगळी टाचण ठेवतात, त्यामुळे वीज गेली तरी वही सावरता येते. फॅट३२ आणि एक्सफॅटमध्ये ही सोय नाही. कॉपी चालू असताना ड्राइव्ह उपसला, तर वहीच बिघडू शकते. म्हणून ‘इजेक्ट’ करूनच काढा.

मराठी नावं देताना

फाइलला मराठीत नाव जरूर द्या, पण ‘७/१२’ असं देऊ नका. तिरकी रेघ विंडोज आणि लिनक्सवर फाइलच्या नावात चालत नाही, म्हणून ‘७-१२’ लिहा. नाव आटोपशीर ठेवा. ईएक्सटी४ मध्ये नावाला २५५ बाइटची मर्यादा आहे आणि देवनागरीचं प्रत्येक अक्षर, काना, मात्रा, वेलांटी ३ बाइट खाते. म्हणजे ८५ चिन्हांत नाव संपतं. विंडोजवर चाललेलं लांबलचक नाव लिनक्सवर अडतं, ते यामुळे.

६४ चे ५९ कसे झाले?

दुकानदाराने फसवलेलं नसतं. कंपनी १ जीबी म्हणजे १०० कोटी बाइट धरते. विंडोज १०७ कोटींहून थोडे जास्त धरतं. त्यामुळे ६४ जीबीचा ड्राइव्ह ५९.६ दिसतो.

शेवटचं म्हणजे, महत्त्वाच्या कागदाची प्रत एकाच ड्राइव्हवर ठेवू नका. दुसरी प्रत घरच्या कॉम्प्युटरवर आणि जमलं तर तिसरी दुसऱ्या गावी, नातेवाइकाकडे असू द्या. तारनाक्याची खेप पुन्हा करण्यापेक्षा ते केव्हाही स्वस्त पडतं.