सारा ऑलगुड : डब्लिनच्या रंगमंचापासून हॉलिवूडपर्यंत

आयर्लंडच्या राष्ट्रीय रंगभूमीच्या पायाभरणीत ज्या मोजक्या कलावंतांचा वाटा होता, त्यांत अभिनेत्री सारा ऑलगुड यांचे नाव अग्रक्रमाने घेतले जाते. डब्लिनमधील अ‍ॅबी थिएटरच्या पहिल्याच प्रयोगात त्यांनी भूमिका केली होती आणि पुढे हॉलिवूडमधील कामासाठी त्यांना ऑस्कर पुरस्काराचे नामांकनही मिळाले. मात्र रंगभूमीवर त्यांना जे स्थान लाभले, ते पडद्यावर कधी लाभले नाही. त्यांच्या अभिनयाचे जे चित्रण आज उपलब्ध आहे, ते बहुतांशी आई, परिचारिका, घरमालकीण अशा दुय्यम भूमिकांचे आहे. ज्या भूमिकांनी त्यांची कीर्ती झाली, त्यांपैकी फार थोड्या चित्रपटात उतरल्या.

सुरुवातीचा काळ

सारा ऑलगुड यांचा जन्म १८८० च्या सुमारास डब्लिन येथे एका सामान्य कुटुंबात झाला. वडील छापखान्यात खिळे जुळविण्याचे काम करीत. आयर्लंड त्या वेळी ब्रिटिश साम्राज्याचा भाग होता आणि स्वातंत्र्याच्या आकांक्षेबरोबरच भाषा, साहित्य व नाटक यांच्या पुनरुज्जीवनाची चळवळ तेथे जोर धरीत होती. मॉड गॉन यांनी १९०० मध्ये स्थापन केलेल्या ‘आयर्लंडच्या कन्या’ या राष्ट्रवादी महिला संघटनेत सारा दाखल झाल्या. या संघटनेच्या नाट्यवर्गात विल्यम फे यांच्याकडून त्यांना अभिनयाचे पहिले धडे मिळाले.

अ‍ॅबी थिएटरची उभारणी

कवी डब्ल्यू. बी. येट्स, लेडी ग्रेगरी आणि नाटककार जॉन मिलिंग्टन सिंग यांच्या प्रयत्नांतून आणि अ‍ॅनी हॉर्निमन यांच्या आर्थिक साहाय्याने अ‍ॅबी थिएटर उभे राहिले. २७ डिसेंबर १९०४ रोजी त्याचा पडदा प्रथम उघडला. त्या रात्री सादर झालेल्या लेडी ग्रेगरी यांच्या ‘स्प्रेडिंग द न्यूज’ या विनोदी एकांकिकेत सारा यांनी मिसेस फॅलनची भूमिका केली. भरदार आणि मृदू आवाज हे त्यांचे मोठे बलस्थान होते. आयर्लंडच्या खेड्यांतील बोलीतून नाट्यभाषा घडविणाऱ्या या लेखकांना असाच आवाज हवा होता.

२६ जानेवारी १९०७ रोजी सिंग यांचे ‘द प्लेबॉय ऑफ द वेस्टर्न वर्ल्ड’ हे नाटक रंगमंचावर आले. आयरिश ग्रामीण जीवनाची, विशेषतः स्त्रियांची बदनामी झाल्याचा आक्षेप घेऊन प्रेक्षकांनी गोंधळ घातला आणि पुढील प्रयोग पोलीस बंदोबस्तात करावे लागले. या नाटकात सारा यांनी विधवा क्विनची भूमिका केली, तर नायिका पेगीनच्या भूमिकेत त्यांची धाकटी बहीण मॉली होती. मॉली यांनी ‘मायरा ओ’नील’ हे रंगभूमीवरील नाव घेतले होते. सिंग यांच्याशी त्यांचा विवाह ठरला होता. परंतु १९०९ मध्ये सिंग यांचे निधन झाले.

भारतीय वाचकांना अ‍ॅबी थिएटर आणखी एका कारणाने परिचित आहे. रवींद्रनाथ टागोर यांच्या ‘डाकघर’ या नाटकाच्या इंग्रजी रूपांतराचा प्रयोग १९१३ मध्ये याच रंगमंचावर झाला होता.

दौरे आणि व्यक्तिगत आघात

१९१६ मध्ये सारा ‘पेग ओ’ माय हार्ट’ या लोकप्रिय नाटकाच्या दौऱ्यावर ऑस्ट्रेलियाला गेल्या. तेथेच त्यांनी या नाटकातील सहकलाकार जेराल्ड हेन्सन यांच्याशी विवाह केला. ऑस्ट्रेलियात ‘जस्ट पेगी’ या मूकपटातही त्यांनी काम केले.

१९१८ हे वर्ष मात्र त्यांच्या आयुष्यातील अत्यंत दुःखद वर्ष ठरले. जानेवारीत त्यांना झालेली कन्या जन्मानंतर लगेच दगावली. त्याच वर्षी इन्फ्लुएन्झाच्या जागतिक साथीने थैमान घातले. महाराष्ट्रात ही साथ ‘मानमोडी’ या नावाने ओळखली गेली. नोव्हेंबरमध्ये न्यूझीलंडमधील वेलिंग्टन येथे हेन्सन त्या साथीला बळी पडले. सारा यांनी पुन्हा विवाह केला नाही.

जूनो : कारकिर्दीचा कळस

सारा अ‍ॅबी थिएटरमध्ये परतल्या, तेव्हा आयर्लंडचे चित्र पालटले होते. स्वातंत्र्ययुद्धानंतर झालेले यादवी युद्ध १९२३ मध्ये संपले होते. त्याच्या जखमा ताज्या असतानाच ३ मार्च १९२४ रोजी शॉन ओ’केसी यांचे ‘जूनो अँड द पेकॉक’ हे नाटक अ‍ॅबीत सादर झाले.

डब्लिनच्या एका पडक्या चाळवजा इमारतीतील बॉइल कुटुंबाची ही कथा आहे. नवरा कामचुकार आणि बढाईखोर, मुलगी फसवली गेलेली, तर जायबंदी मुलगा आपल्याच जुन्या साथीदारांच्या सूडाच्या भीतीने ग्रासलेला, असा या घराचा प्रपंच जूनो एकटी ओढत असते. अखेर मुलाला ओढून नेऊन ठार केले जाते. शेजारणीचा मुलगा मारला गेला तेव्हा तिने केलेली प्रार्थना जूनोच्या तोंडी येते आणि त्या वेळी आपण तिच्या दुःखाकडे पुरेसे लक्ष दिले नाही, याची जाणीव तिला होते. ज्या शहरातील अनेक घरांनी नुकतेच आपले मुलगे गमावले होते, त्या शहरात सारा यांनी हा प्रसंग उभा केला. प्रेक्षकांच्या गर्दीमुळे नाटकाचे प्रयोग नेहमीच्या एका आठवड्यापलीकडे वाढवावे लागले. १९२५ मध्ये लंडनमध्येही या नाटकाचे आणि सारा यांच्या भूमिकेचे स्वागत झाले. ओ’केसी यांच्याच ‘द प्लाउ अँड द स्टार्स’ च्या १९२६ मधील लंडन प्रयोगांत त्यांनी बेसी बर्जेसची भूमिका केली.

चित्रपटसृष्टी

आल्फ्रेड हिचकॉक यांच्या ‘ब्लॅकमेल’ (१९२९) या ब्रिटनच्या आरंभीच्या बोलपटात सारा यांनी नायिकेच्या आईचे काम केले. पाठोपाठ हिचकॉक यांनी ‘जूनो अँड द पेकॉक’ (१९३०) पडद्यावर आणले. त्यात जूनो सारा यांनीच साकारली आणि मायरा ओ’नील शेजारीण मिसेस मॅडिगन झाल्या. पुढे सिंग यांच्या ‘रायडर्स टू द सी’ च्या चित्रपटात, समुद्राने सर्व मुलगे हिरावून घेतलेल्या वृद्ध मॉर्याची भूमिका सारा यांनी केली. त्यांच्या रंगभूमीवरील कामाची कल्पना देणारे हे दोन चित्रपट आहेत.

१९४० मध्ये त्या हॉलिवूडमध्ये स्थायिक झाल्या. जॉन फोर्ड दिग्दर्शित ‘हाउ ग्रीन वॉज माय व्हॅली’ (१९४१) या वेल्समधील खाणकामगारांच्या कथेत त्यांनी बेथ मॉर्गन ही आई रंगविली. भर हिमवर्षावात संपकऱ्यांच्या सभेत जाऊन, माझ्या नवऱ्याला इजा कराल तर गाठ माझ्याशी आहे, असे ठणकावणारी बेथ प्रेक्षकांच्या स्मरणात राहिली. या भूमिकेसाठी त्यांना सर्वोत्कृष्ट साहाय्यक अभिनेत्रीचे ऑस्कर नामांकन मिळाले. पुरस्कार मात्र मेरी अ‍ॅस्टर यांना मिळाला. चित्रपटाने सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा मान पटकावला.

त्यानंतर ‘जेन एअर’, ‘द लॉजर’, ‘द कीज ऑफ द किंग्डम’, ‘द स्पायरल स्टेअरकेस’ असे अनेक चित्रपट त्यांनी केले. परंतु जूनोच्या तोडीची भूमिका त्यांच्या वाट्याला आली नाही. वयस्क, आयरिश धाटणीच्या अभिनेत्रीसाठी हॉलिवूडच्या पटकथांत घरातली कर्ती बाई किंवा सेविका याखेरीज फारशी जागा नव्हती. १९४५ मध्ये त्यांनी अमेरिकेचे नागरिकत्व स्वीकारले. ‘चीपर बाय द डझन’ (१९५०) हा त्यांच्या अखेरच्या चित्रपटांपैकी एक होय.

निधन आणि वारसा

१३ सप्टेंबर १९५० रोजी कॅलिफोर्नियातील वुडलँड हिल्स येथे सारा ऑलगुड यांचे निधन झाले. त्यानंतर वर्षभराच्या आतच, जुलै १९५१ मध्ये, अ‍ॅबी थिएटरची मूळ इमारत आगीत जळाली. नवी वास्तू १९६६ मध्ये उभी राहिली. जूनोची भूमिका पुढे १९८० मध्ये लंडनला ज्युडी डेंच यांनी आणि २०११ मध्ये शिनेड क्युसॅक यांनी केली. ही भूमिका प्रथम उभी करणाऱ्या अभिनेत्रीचा आवाज आणि मुद्राभिनय आज हिचकॉक यांच्या १९३० मधील चित्रपटात पाहावयास मिळतो.